एक मीटर, तीन बिऱ्हाडं: वीज तोडल्याचं एक प्रकरण

(पक्षकारांची ओळख पटू नये म्हणून गाव आणि नावं गाळली आहेत. ‘मालक’, ‘काका’, ‘ताई’, ‘सिस्टर’ ही वाड्यातली रोजची हाक आहे, तीच ठेवली आहे.)

पार्श्वभूमी

जिल्ह्याच्या गावी जुन्या पेठेत एक दुमजली वाडा. मूळ मालक वारून बरीच वर्षं झाली. त्यांचा नातू, ज्याला वाड्यात आता ‘मालक’ म्हणतात, दुसऱ्या शहरात राहतो आणि महिन्यातून एकदा भाडं न्यायला येतो. वाड्यात तीन बिऱ्हाडं होती. खाली एसटीतून निवृत्त झालेले कंडक्टर काका आणि काकू, 1970 च्या दशकापासूनचे, महिना 60 रुपये भाड्याचे पागडीचे भाडेकरू. वर घरीच ब्लाउज शिवणाऱ्या ताई, त्याही सासऱ्यांच्या काळापासूनच्या. मागच्या खोलीत एक सिस्टर, खासगी दवाखान्यात नोकरीला, दोन वर्षांपूर्वी आलेल्या. सिस्टरांचा करार अकरा महिन्यांच्या लीव्ह अँड लायसन्सचा, म्हणजे ठरावीक मुदतीपुरती राहायची परवानगी देणारा, तोही शंभराच्या मुद्रांकावर, नोंदणी न केलेला.

सगळ्या वाड्याला वीजमीटर एकच, आणि बिल अजून आजोबांच्याच नावाने. प्रत्येक बिऱ्हाडाला सब-मीटर. मालकाचा दर युनिटमागे सरसकट 12 रुपये. काकांचे महिन्याला साधारण 95 युनिट, ताईंचे 130, सिस्टरांचे 70, म्हणजे 295. जिन्यातला दिवा आणि पाण्याची मोटर धरून मीटरवर 340 च्या आसपास पडायचे. आपल्याकडे घरगुती दराचे टप्पे 100, 300 आणि 500 युनिटांना बदलतात. तिन्ही बिऱ्हाडं एका मीटरवर असल्यामुळे बिल तिसऱ्या टप्प्यात शिरायचं. वेगळी मीटरं असती तर काका आणि सिस्टर पहिल्या टप्प्यातच राहिले असते. हे गणित इतक्या वर्षांत कोणी मांडलं नव्हतं.

पैसे रोख दिले जायचे, पावती नाही. काकांना मात्र कंडक्टरकीची सवय. एका चाळीसपानी वहीत ते दर महिन्याला तिन्ही सब-मीटरांचं रीडिंग पेन्सिलीने लिहायचे, समोर दिलेली रक्कम, आणि मालक आले की त्यांच्याकडून बाजूला सही. मालक हसत सही करायचे. ‘काका, अजून तिकिटंच फाडताय,’ असंही म्हणायचे.

प्रश्न काय होता

मार्च 2023. मार्चअखेरची वसुली जोरात चालली होती. एका शुक्रवारी दुपारी लाईनमन आला आणि खांबावरून सर्व्हिस वायर सोडून गेला. चार महिन्यांचे 13,870 रुपये थकले होते. त्याच चार महिन्यांत वहीप्रमाणे तिन्ही बिऱ्हाडांनी मालकाला 14,160 रुपये दिले होते.

काकूंना इन्सुलिन लागतं. फ्रीज बंद पडला तशी त्यांनी बाटली ओल्या फडक्यात गुंडाळून माठाच्या बुडाशी ठेवली आणि संध्याकाळी शेजारच्या घरच्या फ्रीजमध्ये नेऊन दिली. काका माझ्याकडे आले ते वही घेऊनच. पहिलं वाक्य असं: ‘वकीलसाहेब, पैसे आम्ही भरले, मग वीज आमची का तोडली?’

प्रश्न सरळ वाटतो, पण त्यात दोन वेगळे प्रश्न आहेत. कंपनीने तोडली ते कायदेशीर होतं का, आणि मालकाने भरलं नाही त्याची जबाबदारी कोणाची? मीही त्या दिवशी हे दोन्ही एकातच कालवले, ते पुढे सांगतो.

समोरचे रस्ते

पहिला विचार कंपनीविरुद्ध जायचा. विद्युत अधिनियम, 2003 च्या कलम 56 प्रमाणे थकबाकीसाठी वीज तोडण्याआधी पूर्ण 15 दिवसांची लेखी नोटीस द्यावी लागते. बिलाबद्दल वाद असेल, तर मागितलेली रक्कम किंवा मागच्या सहा महिन्यांच्या सरासरीने येणारी रक्कम, यांतली जी कमी असेल ती निषेध नोंदवून भरली की वाद मिटेपर्यंत वीज तोडता येत नाही. मी लगेच त्या अर्जाचा मसुदा करायला बसलो. अर्धं पान झाल्यावर थांबलो. इथे बिलाबद्दल वादच नव्हता. आकडा बरोबर, वापर बरोबर. नोटीसही गेली होती, नोंदणीकृत मोबाइलवर, आणि तो मोबाइल नातवाचा होता. त्या क्षणी कंपनीची बाजू भक्कम होती.

भाडेकरूंना कंपनीपुढे उभंच राहता येत नाही, असं मात्र नव्हतं. बिलावर नाव नसलं म्हणजे माणूस ग्राहक नाही, हा आपल्याकडचा पक्का समज आहे. अधिनियमातल्या कलम 2(15) मधली ‘ग्राहका’ची व्याख्या त्याहून मोठी आहे. ज्याच्या जागेला वीजपुरवठा जोडलेला आहे तोही तीत येतो. या व्याख्येचा उपयोग आम्हाला पुढे झाला.

दुसरा रस्ता मालकाविरुद्धचा. महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम, 1999 चं कलम 29 सांगतं की भाडेकरूला मिळत असलेला अत्यावश्यक पुरवठा मालकाने पुरेशा कारणाशिवाय तोडू किंवा रोखू नये. त्यात पाणी, वीज, जिन्यातले आणि बोळातले दिवे, लिफ्ट, स्वच्छता हे सगळं येतं. त्या कलमाचं स्पष्टीकरण आमच्यासाठी महत्त्वाचं होतं. मालकाच्या कृतीमुळे किंवा त्याने काही न केल्यामुळे एखाद्या सक्षम यंत्रणेने पुरवठा तोडला, तरी तो मालकाने रोखल्यासारखाच धरला जातो. म्हणजे मालकाने वायरीला हात लावला नाही, नुसतं बिल भरलं नाही, तरी जबाबदारी त्याच्यावर येऊ शकते.

तिसरा रस्ता म्हणजे थकबाकी आपणच भरून टाकायची. बिल कोणीही भरू शकतं, ग्राहक क्रमांक असला की झालं. ताई यावर भडकल्या. ‘एकदा मालकाला दिले, आता परत कंपनीला द्यायचे? उद्या आम्हीच येडे ठरू.’ त्यांचं चुकलं नव्हतं.

चौथा रस्ता पोलिसांचा. काका आधीच चौकीत जाऊन आले होते. तिथे अदखलपात्र नोंद करून ‘दिवाणी बाब आहे’ असं सांगून परत पाठवलं होतं. मी त्या नोंदीची प्रत आणायला लावली. तिने वीज येणार नव्हती, पण मार्चमध्येच तक्रार झाली होती हे पुढे दाखवता आलं.

पहिला निर्णय

शनिवारी सकाळी माझ्या ऑफिसात तिघं बसली. न्यायालयात अर्ज सोमवारी दाखल झाला असता आणि अंतरिम आदेशाला निदान आठवडा-दोन आठवडे लागले असते. काकूंचं इन्सुलिन तेवढं थांबणार नव्हतं. मी म्हटलं, भरू या, पण भरण्याआधी कागद करू.

भारतीय करार अधिनियम, 1872 चं कलम 69 त्यासाठीच आहे. जी रक्कम दुसऱ्याने कायद्याने भरायला हवी, ती भरली जाण्यात ज्याचं हित गुंतलं आहे अशा माणसाने भरली, तर ती त्याला परत मागता येते. मालकाला रजिस्टर्ड पोस्टाने आणि व्हॉट्सअॅपवर पत्र गेलं: ही थकबाकी तुमची, आम्ही वीज सुरू व्हावी म्हणून भरतो आहोत, आमचा हक्क राखून. काकांनी 5,000 दिले, ताईंनी 5,870, सिस्टरांनी 3,000. पावतीच्या तीन झेरॉक्स काढल्या. सोमवारी संध्याकाळी दिवे लागले.

काकांनी पैसे भाड्यातून वळते करून घेण्याचा विचार बोलून दाखवला. त्यांचे 5,000 महिना 60 रुपयांनी वळते व्हायला 84 महिने लागले असते. सगळे हसले. पण हसण्यापलीकडे तिथे धोका होता. भाडं थांबवलं की मालकाला थकबाकीवरून ताब्याचा दावा लावायला आयतं कारण मिळतं. भाडं एक दिवसही चुकवायचं नाही, मालकाने नाकारलं तर मनीऑर्डर करायची, असं ठरलं. मालकाने एप्रिलपासून भाडं घेणं खरोखरच थांबवलं, आणि परत आलेल्या मनीऑर्डरींच्या पावत्या त्याच वहीत चिकटल्या.

जूनमध्ये दुसऱ्यांदा

मे महिन्याच्या बिलावर आजोबांचं नाव जाऊन नातवाचं आलं. काकांनी ते पाहिलं, वहीत तशी नोंदही केली, पण मला सांगितलं नाही. मीही विचारलं नव्हतं. नाव बदलण्यामागचा हेतू जूनमध्ये उघडा पडला. नातवाने नोंदणीकृत ग्राहक म्हणून कंपनीकडे अर्ज दिला: जोडणी कायमची बंद करा. थकबाकी शून्य, अर्ज रीतसर, ग्राहक स्वतःच मागतो आहे. पहिल्या पावसाच्या आठवड्यात मीटर काढून नेला.

इथे कंपनीच्या अधिकाऱ्यापुढेही पेच होता, हे मला मान्य आहे. नोंदणीकृत ग्राहक बंद करा म्हणत असताना चालू ठेवायचं कोणत्या आधारावर? पण मीटर काढायला आलेल्या माणसाला तिन्ही सब-मीटर फिरताना दिसत होते आणि वरून शिलाई मशीनचा आवाज येत होता. आत माणसं राहतात एवढी नोंद करून वरिष्ठांना विचारलं असतं तरी पुष्कळ झालं असतं.

त्या रात्री शेजाऱ्यांनी भिंतीवरून एक्स्टेन्शन दिलं. चांगुलपणाने दिलं, पण हीच आमच्या बाजूची सगळ्यात मोठी चूक ठरता ठरता राहिली. एका जागेसाठी मंजूर झालेली वीज दुसऱ्या जागेत वापरणं हा विद्युत अधिनियमाच्या कलम 126 खाली ‘अनधिकृत वापर’ आहे. आकारणी दुप्पट दराने होते, कालावधी ठरवता आला नाही तर मागच्या बारा महिन्यांची धरतात, आणि भुर्दंड पडतो ज्याचा मीटर त्याला, म्हणजे शेजाऱ्याला. अशी प्रकरणं वीजग्राहकांच्या तक्रारी ऐकणाऱ्या ग्राहक तक्रार निवारण मंचापुढेही चालत नाहीत. चौथ्या दिवशी कनिष्ठ अभियंता हजर झाले. मालकाच्या माणसाने मोबाइलवर फोटो काढून पाठवले होते. अभियंत्यांनी वायर काढायला लावली, समज दिली आणि पंचनामा न करता गेले. ते गृहस्थ समजूतदार निघाले, इतकंच. काकूंचं इन्सुलिन पुन्हा शेजारच्या फ्रीजमध्ये गेलं, आणि ताईंनी मशीन रिक्षातून बहिणीकडे हलवलं.

दोन आघाड्या

या वेळी एकच रस्ता धरून चालणार नव्हतं. मालकाला आदेश मिळून त्याच्या नावाची जोडणी सुरू झाली असती, तरी तो पुढच्या महिन्यात बिल थकवू शकला असता. म्हणून कंपनीकडे तीन स्वतंत्र जोडण्यांचे अर्ज, आणि न्यायालयात भाडे नियंत्रण अधिनियमाच्या कलम 29 खाली अर्ज, दोन्ही एकाच आठवड्यात केले.

कंपनीच्या खिडकीवर उत्तर ठरलेलं होतं: ‘मालकाची एनओसी आणा.’ तोंडी नकाराला काही अर्थ नसतो. आम्ही अर्ज परत घेतला नाही, आवक शिक्का मागितला. शिक्का मिळायलाच दोन दिवस गेले. अर्जासोबत सर्वोच्च न्यायालयाच्या मे 2022 च्या निकालाची प्रत होती. तो निकाल मुळात एका फौजदारी अपिलात आलेला आहे, पण त्यात न्यायालयाने स्पष्ट म्हटलं आहे की वीज ही मूलभूत सोय आहे, मालक ना-हरकत देत नाही म्हणून भाडेकरूला ती नाकारता येत नाही, आणि अर्जदार त्या जागेच्या ताब्यात आहे का एवढंच वितरण संस्थेने तपासायचं असतं. विद्युत अधिनियमाच्या कलम 43 मध्येही जागेचा मालक ‘किंवा ताबेदार’ अर्ज करू शकतो असंच लिहिलं आहे. केंद्राच्या 2020 च्या ग्राहक हक्क नियमांत ओळखीचा एक आणि मालकीचा किंवा ताब्याचा एक, असे दोन पुरावे पुरेसे धरले आहेत. नगरपालिका हद्दीत जोडणीची मुदत तेव्हा 15 दिवस होती. फेब्रुवारी 2024 च्या दुरुस्तीनंतर ती 7 झाली.

मार्चमध्ये भरलेल्या पैशांचा खरा उपयोग इथे झाला. 19 मे 2023 ला सर्वोच्च न्यायालयाने केरळच्या वीज मंडळाच्या प्रकरणात ठरवलं की जागेवरची जुनी थकबाकी भरल्याशिवाय नवी जोडणी देणार नाही, अशी अट नियमांच्या आधाराने घालता येते. त्या जागेवर 13,870 रुपये उभे असते, तर जूनमध्ये खिडकीवरच्या माणसाने एनओसीचं नाव न काढता तो आकडा दाखवला असता, आणि आमच्याकडे झटपट उत्तर नसतं. ताईंना हे सांगितलं तेव्हा त्या म्हणाल्या, ‘म्हणजे येडे नव्हतो.’

न्यायालयात मालकाचं म्हणणं तीन मुद्द्यांचं होतं: वीज मी नाही, कंपनीने तोडली. सब-मीटर हा बेकायदा प्रकार आहे. वाड्याचं वायरिंग धोकादायक आहे. पहिल्याला कलम 29 च्या स्पष्टीकरणातच उत्तर होतं, शिवाय बंद करण्याचा अर्ज त्याचाच होता. दुसऱ्याला वही. जो माणूस सब-मीटरचं रीडिंग पाहून पैसे घेत होता आणि सही करत होता, त्याने पुरवठा दिलाच नव्हता असं कसं म्हणावं?

तिसऱ्या मुद्द्यात मात्र दम होता. वाड्यात अजून लाकडी केसिंगपट्टीतलं वायरिंग होतं, दोन ठिकाणी कापडी टेप गुंडाळलेली. मालकाची बाजू पूर्ण खोटी नव्हती. 60 रुपये भाड्यात घरपट्टीही निघत नाही आणि जळीत झालं तर पहिलं नाव त्याचंच येणार. आम्ही यावर भांडलो नाही. परवानाधारक विद्युत ठेकेदाराकडून काका आणि ताईंच्या खोल्यांचं वायरिंग बदलून घेतलं, ईएलसीबी (वीज गळती होताच पुरवठा तोडणारं उपकरण) बसवली आणि त्याचा टेस्ट रिपोर्ट न्यायालयात आणि कंपनीत दोन्हीकडे दिला. बाराव्या दिवशी अंतरिम आदेश झाला: मालकाने ठरलेल्या तारखेच्या आत पुरवठा सुरू करावा किंवा भाडेकरूंच्या स्वतंत्र जोडणीला आडकाठी करू नये. त्याच आठवड्यात कंपनीने नव्या जोडण्यांच्या खर्चाचं कोटेशन दिलं.

शेवट कुठे आला

काका आणि ताईंच्या नावावर स्वतंत्र मीटर लागले. पुढच्याच महिन्यात काकांचं बिल मालकाला द्यायचे त्याच्या निम्म्याच्या आसपास आलं. 13,870 रुपयांवर दावा लावायची वेळ आली नाही. न्यायालयाबाहेर बसून मालकाने 10,000 दिले आणि आम्ही बाकी सोडले. दावा चालवायचा खर्च पाहता मला ते ठीक वाटलं. ताईंना अजून वाटत नाही.

सिस्टरांचं वेगळं झालं. कलम 29 भाडेकरूसाठी आहे. लीव्ह अँड लायसन्सवर राहणाऱ्याला तो आधार तितका सरळ मिळत नाही, आणि त्यांचा करार नोंदणीचाही नव्हता, शिवाय जुलैत संपत होता. ताबा दाखवून जोडणी मागता आली असती आणि तसा अर्जही केला होता. पण रात्रपाळी करून दिवसा अंधाऱ्या खोलीत झोपायचं, वर मालकाचे फोन. त्यांनी अर्ज मागे घेतला आणि दुसरीकडे खोली पाहिली. 10,000 मधून त्यांचे 3,000 मात्र आधी पुरते दिले गेले. तो निर्णय काकांचा.

आज वेगळं काय केलं असतं

मार्चमध्ये दिवे लागले त्याच दिवशी स्वतंत्र जोडणीचे अर्ज द्यायला हवे होते. तेव्हा वीज चालू होती आणि घाई नव्हती. आम्ही एक संकट टळलं म्हणून घरी गेलो, आणि मालकाला तीन महिने मिळाले. ही चूक माझी.

मार्चमध्येच कंपनीला एक पत्रही द्यायला हवं होतं: या जागेत आम्ही तीन कुटुंबं ताब्यात आहोत, जोडणीबाबत कोणताही अर्ज आला तर आम्हाला कळवावं. त्याने कंपनी बांधली गेली असती असं नाही. पण मीटर काढण्याआधी फाइल उघडणाऱ्याच्या हाताला तो कागद लागला असता. नाव बदलल्याचं कळताच ग्राहक तक्रार निवारण मंचाकडेही जाता आलं असतं, कारण तोडणीचा धोका दिसत असेल तर नेहमीची वाट पाहावी लागत नाही. मंचाचा आदेश पटला नाही तर 60 दिवसांत विद्युत लोकपालाकडे जाता येतं. आम्हाला त्या दारापर्यंत जावं लागलं नाही.

एक्स्टेन्शनबद्दल मी पहिल्याच भेटीत बजावायला हवं होतं. अंधारात बसलेल्या माणसाला शेजारी वायर देतोच, ही काही सुचायला अवघड गोष्ट नव्हती.

एक गोष्ट अजून तशीच आहे. जिन्यातला दिवा जुन्या मीटरवर होता, आणि तो मीटर परत बसला नाही. काका रात्री बॅटरी घेऊन जिन्यापाशी उभे राहतात, ताई वर पोचेपर्यंत. काकांच्या मीटरवरून दिवा जोडायचा तर पुन्हा तोच प्रश्न, मंजूर जागेबाहेरचा वापर. कलम 29 मध्ये जिन्याचा दिवा शब्दशः लिहिलेला आहे. त्याचा अर्ज मी लिहून ठेवला आहे, काकांची सही व्हायची आहे.